हौसाबाईंच्या खात्यावरचं नाव

खेड्यातल्या बायकांना बँक कळत नाही, असं पुण्यात पंख्याखाली बसून म्हणणाऱ्यांनी या देशाचं फार नुकसान केलंय. नाव कुणाचं घेत नाही. पण ते नुकसान भरून काढायला मी निघालो आणि काय करून बसलो, ते ऐका. चहा गार झाला तरी चालेल.

बँका नुकत्याच सरकारी झाल्या होत्या. मी बी.कॉम. होऊन भोरच्या एका शाखेत कारकून म्हणून लागलो होतो. शनिवारी अर्धा दिवस काम. ते संपलं की फॉर्मचा गठ्ठा पिशवीत टाकायचा, नसरापूरला एसटी बदलायची आणि मार्गासनी गाठायची. साहेबांनी सांगितलं होतं म्हणून नव्हे. देश बदलायचा होता म्हणून!

देवळापुढे बायका जमवायच्या आणि कॉलेजच्या वाचनालयातली सगळी परदेशी मासिकं त्यांच्यापुढे रिकामी करायची. इंग्लंडात म्हणे बँकेच्या भिंतीतच यंत्र बसवलंय, बँक बंद असली तरी त्यातून नोटा बाहेर येतात. अमेरिकेत लोक रिकाम्या खिशानं दुकानात जातात, एक कार्ड दाखवतात आणि सामान घेऊन घरी येतात. यावर एकीनं विचारलं, दुकानदार जावई लागतो का त्यांचा? मी चिडलो. इकडे जग पुढे चाललंय आणि यांना जावई सुचतोय!

एकट्या हौसाबाई तयार झाल्या. घरची म्हैस त्या राखायच्या, दूध हॉटेलांना त्या घालायच्या आणि दुधाचे पैसे पिठाच्या डब्यात ठेवायच्या. त्यांना दुसरी म्हैस घ्यायची होती. डब्यातल्या पैशाला घरात सतरा वाटा फुटतात, बँकेतल्या पैशाला फुटत नाहीत, एवढं माझ्या भाषणातलं त्यांनी नेमकं उचललं होतं. बाकीच्या बायकांनी ठरवलं, हिचं काय होतंय ते बघू, मग आपण.

हौसाबाईंच्या ओसरीवर मी फॉर्म भरायला बसलो. एसटीची वेळ होत आलेली. नाव? हौसाबाई. नवऱ्याचं नाव?

झालं. बाई गप्प.

आता तुम्हाला वेगळं सांगायला नको. आपल्याकडे बाई नवऱ्याचं नाव घेत नाही. मला हे माहीत नव्हतं का? माझी आई तरी कुठे घेते? पण मला घाई, आणि त्यात मी सुधारक. म्हटलं, विलायतेत बायका नवऱ्याला नावानं हाक मारतात. हौसाबाईंनी माझ्याकडे अशा नजरेनं पाहिलं, की विलायतेतल्या नवऱ्यांची त्यांना दया आली असावी.

मग त्यांनी हळूच भिंतीकडे बोट केलं. भिंतीवर रामाच्या दरबाराचं चित्र. मध्ये राम, शेजारी सीता, मागे लक्ष्मण, पायाशी हात जोडून मारुती.

मी म्हटलं, "रामचंद्र ना?"

हौसाबाईंनी झटकन डोक्यावरचा पदर पुढे ओढला आणि मान खाली घातली. काय ते लाजणं! मी खूश. ठसठशीत अक्षरात लिहिलं, हौसाबाई रामचंद्र. त्यांचा अंगठा घेतला आणि एसटीमागे पळत सुटलो.

पदर त्यांनी का ओढला असेल? सांगतो. रामचंद्र हे त्यांच्या थोरल्या दिराचं नाव. त्यांचं नुसतं नाव निघालं तरी घरातली सून पदर सावरते. बोट होतं मारुतीकडे!

पुढच्या शनिवारी पासबुक मीच नेऊन दिलं, तेही न वाचता. हौसाबाईंचे यजमान मारुतराव ते कौतुकानं एसटीच्या थांब्यावर घेऊन गेले आणि चारचौघांत मोठ्यानं वाचायला लागले. पहिल्या ओळीवरच थांबले. पण तोवर चारचौघांनी ऐकलं होतं.

सोमवारी सकाळी हौसाबाई आणि दोघे भाऊ, तिघंही बँकेत हजर. मारुतराव रागानं लाल. रामचंद्रराव, एवढा मिशीवाला गडी, पण शरमेनं खांबामागे उभे. मारुतरावांनी पासबुक माझ्यापुढे टाकलं.

"खातं बंद करा सायेब. गावात त्वांड दावायची सोय न्हाई ऱ्हायली. काल पारावर इचारत व्हते, जेवाय आता कुनाच्यात बसतूस?"

हे खातं गेलं म्हणजे म्हैस गेली, आणि वाट बघत बसलेल्या सगळ्या बायकाही गेल्या. आमचे मॅनेजर शांत माणूस. म्हणाले, बंद कशाला, दुरुस्त करू. फक्त बाईंनी स्वतः नाव सांगावं. यावेळी चित्र नको.

रामचंद्रराव समजून उमजून बाहेर पायरीवर जाऊन बसले. पण त्यानं काय होणार? यजमान समोरच उभे! अख्खी बँक काम टाकून बघायला लागली. मला राहवेना. मी पुन्हा सुरू केलं, अहो, जग कुठे चाललंय...

"तुमी जरा गप बसा," हौसाबाई म्हणाल्या. मग मॅनेजरांकडे वळल्या. "सायेब, म्हस म्या राखते, धार म्या काढते, अंगठा बी माजाच. हे कारकून सायेब म्हनत्यात, इलायतंत भिंतीतनं नोटा येत्यात. त्या भिंतीला बी घरधन्याचं नाव सांगावं लागतं व्हय?"

मॅनेजरांनी माझ्याकडे पाहिलं. जगातल्या एकाही मासिकात याचं उत्तर आलेलं नव्हतं.

आणि मारुतराव हसले. आधी मिशीत, मग मोकळेपणानं. म्हणाले, "लिवा सायेब, मारुती. तिच्या वतीनं म्या सांगतूय. आन् बंद नगा करू. म्हस येऊ द्या."

हौसाबाईंनी पदराआडून मान हलवली आणि मॅनेजरांनी तेवढ्यावर भागवलं. मी लाल शाईनं रामचंद्र खोडून मारुती लिहिलं, खाली सही केली, घाम पुसला.

रांगेत वरवे गावचे एक आजोबा मघापासून सगळं ऐकत उभे होते. खिडकीशी आल्यावर त्यांनी काठी टेकली आणि मला मायेनं विचारलं, लगीन झालंय का तुमचं? म्हटलं, नाही अजून.

"तरीच," ते म्हणाले. "म्हून दुसऱ्यांची लावत हिंडतायसा."