साप नसलेल्या देशातला दिवा

ओमनाचेची गेल्याचा फोन तिच्या लेकीने, मीराने केला, ऑकलंडहून. मीराला सातवा महिना. "आंटी, आई गेली... हार्ट अटॅक," एवढं बोलली आणि लगेच म्हणाली, "तू आज दिवा लावलास ना?" आईच्या त्या दिव्याला हीच पोरगी हसायची.

चेची, म्हणजे मल्याळममध्ये ताई, इथे जॉन्सनव्हिलला माझी शेजारीण. आधी पुण्यात नर्स होती, त्यामुळे मराठी फर्डं बोलायची आणि मराठीतच रागवायची. केरळातल्या तिच्या घरामागे नागांची राई होती. तिथल्या झाडाची काडीही कुणी मोडत नसे. भावाला तिथे नवं घर बांधायचं होतं. हिने फोनवर होकार दिला. मग व्हिडिओ कॉलवर तिला राई तोडून उघडं पडलेलं रान दिसलं, भिंतीशी उपडे टाकलेले दगडी नाग दिसले... त्याच महिन्यात मीराचं पहिलं बाळ पोटातच गेलं.

त्यांच्यात घराणं आईकडून लेकीकडे चालायचं. "म्हणून कोपही लेकीकडेच जातो," चेची म्हणायची. तेव्हापासून तिच्या मागच्या अंगणातल्या झाडाएवढ्या नेच्याखाली रोज तिन्हीसांजेला हळद घातलेलं दूध आणि दिवा. इथला वारा म्हणजे वैताग, म्हणून दिवा जॅमच्या बरणीत. दिवा ठेवून परतताना मागे वळून पाहायचं नाही, असं तिच्या आजीने बजावलेलं.

मला हे सगळं खुळचटपणाचं वाटे. मी एकदा म्हटलंही, "चेची, या देशात औषधालासुद्धा साप नाही. कशाला घाबरतेस?"

"त्याचीच तर भीती वाटते गं," ती म्हणाली. "इथं माफी मागायची कुणाकडे?"

मीराला पुन्हा दिवस गेले तशी चेची खंगतच गेली. ऑकलंडला लेकीकडे निघाली त्या सकाळी तिने बरणी माझ्या हातात दिली. "चार दिवस बघशील ना? खाडा नको करूस." हात गार होते तिचे. मी हसून हो म्हटलं.

ती परतलीच नाही. त्याला आता काही आठवडे झाले. तिचं घर बंद आहे. मीराचे दिवस भरत आलेत. रोज संध्याकाळी तिचा एका शब्दाचा मेसेज येतो, "लावलास?" आणि मी, कशावरच विश्वास नसलेली बाई, कुंपणाचं फाटक ढकलून चेचीच्या अंगणात जाते. दूध ठेवते, बरणीत दिवा लावते. परतताना पाठीमागे गवतात काहीतरी सळसळतं. वाराच असणार. इथं साप नाहीत हे मला पक्कं ठाऊक आहे. तरीही बाळ होईपर्यंत मी मागे वळून पाहणार नाही.