दिवेलागणीचं दार

हुबळीच्या लॅमिंग्टन रोडवर एका दुकानावरच्या दोन खोल्यांत वेदश्री गेम लिहिते. गेम प्रौढांसाठी आहे, चित्रांतून आणि संवादांतून उलगडणारी प्रेमकथा. बर्फातली झोपडी. खेळणाऱ्या बाईनं लाकडं आणायची, चूल धगधगती ठेवायची, सूप करायचं आणि हिवाळा काढायचा. अधूनमधून एक पुरुष येतो. त्याला आत घ्यायचं, जेवू घालायचं, पुढे जवळीक किती वाढवायची ते आपण ठरवायचं.

तो पुरुष वेदश्रीनं नवऱ्यावरून बेतला होता. मुकुल एका संध्याकाळी धारवाडच्या केलगेरी तळ्याकडे फिरायला गेला आणि परतला नाही. तळं ढवळून काढलं, काही सापडलं नाही. मुकुल उंबऱ्याशी पाय दोनदा पुसायचा, मग खाकरून आत यायचा. पाय पुसणं तिनं गेममध्ये घातलं. खाकरणं स्वतःजवळ ठेवलं.

चाचणीसाठी खेळणारे तक्रार करू लागले. संध्याकाळ झाली की झोपडीचं दार लागत नव्हतं. चूल विझायची, बाई गारठून मरायची. प्रोग्रामर साकेतनं तिचं लिखाण तपासलं, तर तिनंच तसं लिहिलं होतं.

"अक्का, बर्फात दार सताड उघडं कोण ठेवतं?"

"दिवेलागणीला दार लावत नाहीत."

"लक्ष्मी येईपर्यंत बाई गोठली की."

वेदश्री हसली नाही. घरी तिच्या सासूबाई अंबूताई मुकुल गेल्यापासून रोज तिन्हीसांजेला दार उघडं ठेवून समोर बसत. इतकं अंगवळणी पडलं होतं की लिहिताना तिच्या ध्यानातही आलं नव्हतं. आता दार लागेल असं करायचं, तर मुकुल बाहेर राहणार होता. साकेतला हे सांगण्यासारखं नव्हतं. तो म्हणाला, उघड्या दारातून माणूस न बोलावता येतो आणि विझलेल्या चुलीपाशी बसून राहतो, हे मात्र भीतिदायक जमलंय. त्यातही त्याचं ते खाकरणं.

वेदश्रीनं आवाजांच्या फाइली उघडून पाहिल्या. खाकरण्याचा आवाज त्यांत नव्हता.

"लावून टाक दार," ती म्हणाली.

साकेतनं बदल केला. चूल पेटती राहिली, बाई जगली. वेदश्री लवकर निघून धारवाडला घरी आली.

अंबूताई समई लावून दारासमोर बसल्या होत्या. वेदश्रीनं चपला काढल्या, आत येऊन दार लावलं आणि कडी घातली. अंबूताईंनी तिच्याकडे पाहिलं.

बाहेर पायपुसण्यावर कुणीतरी पाय पुसले. थांबून पुन्हा पुसले.

"वेदा," अंबूताई हळूच म्हणाल्या, "उघड की."

वेदश्रीनं कडी घट्ट धरून ठेवली आणि खाकरण्याची वाट पाहत उभी राहिली.