आईच्या गाण्याची फाइल

त्या वर्षी आमच्याकडे कापसाच्या खोलीत कॉम्प्युटर होता की कॉम्प्युटरच्या खोलीत कापूस, हे सांगणं कठीण होतं. मागची खोली गळायची, म्हणून बाबांनी भाव येईपर्यंत सगळा कापूस माझ्या टेबलापर्यंत रचला. मी नको म्हणत होतो, पण घरात माझं ऐकतो कोण? बारीक तंतू मशीनच्या पंख्यात शिरले. घरच्या व्हिडिओंना नाव-वर्ष लावत बसलो असताना मशीन तापून बंद पडलं, आणि नेमकी आईच्या गाण्याची फाइल उघडेनाशी झाली.

आईचा आवाज आमच्याकडे तेवढाच होता. तिला जाऊन वर्ष होत होतं, दुसऱ्या दिवशी तिचं पुण्यानुमोदन. विहारात सगळ्यांना तिचं जयंतीचं गाणं ऐकवू, असं बाबा मारेगावच्या आत्याला सांगून बसले होते.

फाइल दुरुस्त करणाऱ्या प्रोग्रॅमला त्याच मोबाइलवरचा एक धडधाकट व्हिडिओ नमुन्याला लागतो. गाणं आईच्या मोबाइलवर काढलेलं, पण जागेसाठी त्यातून केव्हाच पुसलेलं; तो मोबाइल आता बाबांच्या खिशात असायचा. त्यात त्यांनी काढलेला बैलजोडीचा व्हिडिओ सापडला. म्हटलं, चला, बैल इथंही कामाला आले.

पण अर्ध्यात मशीन पुन्हा तापून बंद. मग माझं डोकं फिरलं. कापूस इथं भरायचं कुणाला सुचलं होतं, इथपासून बाबांना नको नको ते बोललो. मी मशीनचं झाकण काढून आत अडकलेला कापूस ब्रशने झाडला. छताचा पंखा लावावा तर कापूस उडून परत आत जाणार. बाबांनी कुठूनसा पुठ्ठा आणला आणि उकिडवे बसून मशीनला वारा घालू लागले.

पुन्हा सुरू केलेल्या दुरुस्तीची पट्टी पडद्यावर मुंगीच्या पावलानं सरकत होती. लाइन जायची वेळ होत आली होती. मला भीती वाटत होती आणि बाबांवरचा रागही गेला नव्हता. त्यांनी पुठ्ठा या हातातून त्या हातात घेतला तेव्हा मी तो मागितला.

"तू तुयं काम पाह्य," ते म्हणाले.

लाइन जायच्या आधी फाइल उघडली. चित्र हिरवं, फुटलेलं, पण आवाज स्वच्छ होता. आई दोन ओळी गायली, मग थांबली आणि मोबाइल धरलेल्या बाबांना म्हणाली, "तुमच्यासाठी चहा मांडू का जी?"

व्हिडिओतले बाबा तिच्यावर खेकसले, आधी गाणं पुरं कर म्हणून.

माझ्या शेजारी पुठ्ठा थांबला.

"मांड," बाबा म्हणाले.