बाबांची पाठ टेकली तेव्हा

माझ्या गुडघ्याला चोळायला तिळाच्या तेलात कापूर टाकून ते गरम केलं आणि घरभर बाबांचा वास दरवळला.

वऱ्हाड मध्यप्रांतात होतं तेव्हाची गोष्ट. मेहकरपासून सोनाळ्यापर्यंत बाबांची पाठ कुणी मातीला लावली नव्हती. गुडघा गेला, आखाडा सुटला आणि ते दंडारीत, गावोगावच्या नाच-सोंगांच्या खेळात, सोंगाड्या झाले. देऊळघाटच्या जत्रेत, भर दुपारी पहिला खेळ. एक काडीसारखा गडी लुगडं नेसून त्यांची बायको झालेला. त्यानं लाटणं उगारलं आणि बाबा धाडकन उताणे पडले.

कुणी हसेना. पहिलवानाची पाठ मातीला टेकली होती. आईनं तोंडावर पदर घेतला.

तेवढ्यात बाबांकडून दरवेळी हरलेला एक पहिलवान उठला. त्यानं त्या लुगड्यातल्या गड्याला खांद्यावर घेतलं. "जे मले जमलं नाही, ते या बाईनं केलं बे!"

जत्रा खदखदून हसली. पडल्यापडल्या बाबा ओरडले, "आता मले बी उचला कोणी, गुडघा अडकला!" सगळ्यात मोठा हशा त्यालाच. आई मात्र घरी येताच तेल तापवायला बसली.

आज मला पाटावरून उठता येईना. "मले उचला वं कोणी," म्हटलं, तर नातसुना खिदळल्या. बाबांचं ते वाक्य खेळातलं नव्हतं, हे आत्ता कळलं आणि मीही पोटभर हसले.