थंड हवेचा बेडूक

आखातातल्या करामा वस्तीत आमच्या शेजारी एक अकाउंटंट राहायचे. सलाम केला तर मान हलवायचे, तीही अर्धीच. सगळा जिव्हाळा काचेच्या पेटीतल्या नखाएवढ्या बेडकासाठी राखलेला. "बेटावरच्या डोंगरातला आहे, त्याला गारवा लागतो," असं सांगायचे. जणू आम्ही वाळवंटातच उगवलो होतो. बेडकाची जात मात्र त्यांनाही ठाऊक नव्हती.

ऑगस्टच्या एका दुपारी बिल्डिंगची वीज गेली. आम्ही जिन्यात घामाघूम, आणि साहेब खाली गाडीत एसी लावून, पेटी मांडीवर घेऊन बसलेले. मी माझ्या मुलीला घेऊन खाली उतरून गाडीची काच ठोठावली.

"मुलीला चक्कर येतेय. जरा आत घेता का?"

त्यांनी बेडकाकडे पाहिलं, बहुधा परवानगीसाठी. मग मुलीला बसवून पेटी तिच्या मांडीवर दिली आणि स्वतः बाहेर उन्हात येऊन उभे राहिले.

"तिघांना एसी पुरत नाही," ते म्हणाले.