लुगडं धुणाऱ्या माणसाचं विशेषण

माझ्या वडिलांनी लग्नानंतर वर्षभरातच आईचं लुगडं धुतलं. आईला ताप होता, आजी गावी गेलेली, मोलकरणीनं दांडी मारलेली. म्हणून बाबांनी धुतलं, पिळलं आणि गौलीगुड्यातल्या तेव्हाच्या घराच्या गच्चीवर वाळत घातलं. एवढीच गोष्ट. पण ती माझ्या आत्यानं पाहिली. आत्या म्हणजे बाबांची थोरली बहीण, सासर दोन गल्ल्या पलीकडं. तेव्हापासून तिनं ही गोष्ट घरातल्या प्रत्येक लग्नात, मुंजीत, बारशात, आणि एकदा तर कुणाच्या तरी तेराव्यालाही सांगितली आहे. खरं तर ती साडी होती, पण आत्याच्या तोंडी लुगडंच. सांगताना ती बाबांना अवाक्षर बोलत नाही. आईकडं बघते आणि म्हणते, "काय केलंस गं माझ्या भावाला?"

आई काय करणार? ती खाली बघते. पुढ्यात काही निवडायला असलं तर निवडते, नसलं तर पदराचं टोक चुरगाळते. घरी आल्यावर बाबांवर चिडते.

आणि बाबा तरी सुधारतील? नाव नको. सीताफळ आणलं की बिया काढून गर वाटीत घालून देणार. आई साडीच्या दुकानात असेपर्यंत तिची पर्स छातीशी धरून फुटपाथवर उभे राहणार. स्कूटरवर मागं आई बसली की प्रत्येक स्पीडब्रेकरच्या आधी वेग कमी करून ओरडणार, "गचका आला गं!" आमच्या ह्या निजामाच्या शहरात, बरकतपुऱ्यात, स्पीडब्रेकर काय कमी आहेत? सगळ्या रस्त्याला कळायचं की हे जोडपं बाजाराला निघालंय. आई मागून पाठीत बोट खुपसायची. बाबांना वाटायचं, ती ऐकलं म्हणून कळवतेय.

मी एका कॉलेजात इंग्रजी शिकवते. एकदा वर्गात एका जुन्या गोष्टीत एक शब्द आला, अक्सोरियस. पहिल्या बाकावरच्या मुलीनं अर्थ विचारला. मला येत नव्हता. "उद्या तुम्हीच शोधून आणा," असं बाणेदारपणे सांगून मी स्टाफरूममध्ये धावले आणि मोठी डिक्शनरी काढली. अर्थ होता, बायकोवर अति प्रेम करणारा, तिच्या सेवेत गुंतलेला. मी खुर्चीत बसले. अहो, ही तर आमच्या घरची गोष्ट! साता समुद्रापलीकडं कुणीतरी माझ्या बापासाठी विशेषण करून ठेवलेलं होतं आणि मी इतकी वर्षं इंग्रजीचा पगार घेऊन बेखबर होते.

फक्त त्यातल्या 'अति' ह्या शब्दाचा मला राग आला. अति म्हणजे किती? हे मोजलं कुणी? एक वाटी सीताफळ बरोबर आणि दुसरी अति का? त्या डिक्शनरीवाल्यालाही एक आत्या असणार, दुसरं काय.

शब्द मोठा अवघड आहे वापरायला. बोलण्यात कुणी वापरत नाही, पुस्तकातच सापडतो, तोही फार नाही. पुरुषालाच लागतो. लॅटिनमध्ये बायकोला जो शब्द आहे त्यातून तो निघालाय. कौतुक म्हणून म्हणावं तर त्यात जरासा टोमणा आहे, आणि टोमणा मारावा तर समोरच्याला समजत नाही, फुकट जातो. मी घरी माझ्या नवऱ्यावर वापरून पाहिला, नकारार्थी. तो मूळचा पुण्याचा, इकडं आयटीत आहे. तो म्हणाला, "थँक यू."

बाबांची पंच्याहत्तरी आली तेव्हा आम्ही घराजवळच एक छोटा हॉल घेतला. बाबांच्या ऑफिसातले जुने तेलुगू मित्र, शेजारपाजार, आमची गावाकडची आणि इथली माणसं. आत्या येणार हे उघडच होतं. आईनं आठवडाभर आधीपासून बाबांचा अभ्यास घ्यायला सुरुवात केली.

"माझ्याकडं बघून हसायचं नाही."

"हौ," बाबा म्हणाले.

"जेवलीस का म्हणून विचारायचं नाही. मी जेवते. आजवर उपाशी मेले नाही."

"हौ."

"पदर, केस, चष्मा, काही म्हणजे काही सांगायचं नाही. माझ्या जवळच यायचं नाही."

"हौ गं. कितीदा सांगशील?"

मी हसायला लागले तर आई माझ्यावर घसरली. "तुला हसायला काय जातंय? बोलून घ्यायचं मला असतं. एक कार्यक्रम, एकच, मला खाली मान न घालता घरी येऊ दे. मग काय करायचं ते करा बापलेक." तिचे डोळे भरले होते. पन्नास वर्षं होत आली होती तिच्या लग्नाला, आणि अजून ती नणदेपुढं आरोपी होती. खरं सांगते, त्या दिवशी मला पहिल्यांदा बाबांचासुद्धा राग आला.

कार्यक्रमाच्या दिवशी बाबा पढवल्यासारखे वागत होते. आईकडं बघणं टाळताना त्यांची मान अवघडली असावी. औक्षण झालं, शाल घातली, हार घातला, हातात नारळ दिला. आई ठरवून लांब, भिंतीकडेच्या खुर्चीत बसली होती. आत्या पहिल्या रांगेत. तिच्याशेजारी आतोबा, म्हणजे तिचे यजमान. बायकोला ते 'अगं ए' म्हणतात आणि त्यापुढचं वाक्य बहुतेक जेवणाबद्दल असतं. मी माइक घेऊन भाषण सुरू केलं, बाबांची नोकरी, बाबांचा साधेपणा वगैरे. आणि बघते तर काय, सत्कारमूर्ती उठले!

शाल खांद्यावर, हार गळ्यात, नारळ काखेत. बाबा तरातरा चालत गेले, कोपऱ्यातला स्टँडचा पंखा उचलला, आईच्या खुर्चीजवळ आणून ठेवला, तोंड तिच्याकडं वळवलं, वारा लागतो का ते पंख्यापुढं हात धरून पाहिलं, आणि परत येऊन खुर्चीत बसले. चेहऱ्यावर असा भाव की मी बोललो नाही, हसलो नाही, नियम सगळे पाळले.

हॉलभर खसखस पिकली. आणि आत्या उभी राहिली.

"बघा! भर सभेत! पंच्याहत्तरीच्या दिवशी!" तिला माइकची गरज नसते. "असा नव्हता हो माझा भाऊ. लग्नाआधी पाण्याचा गलास हातानं घेत नव्हता. आणि हिनं आल्या आल्या त्याला लुगडं धुवायला लावलं. मी डोळ्यांनी बघितलंय. नंदीबैल केलाय नंदीबैल!"

आई उठली. कुणाकडं न बघता ती स्वयंपाकाच्या बाजूला निघाली. माझं डोकं सटकलं. हातात माइक होता, आणि बोलायचं ठरलेलं भाषण गेलं उडत.

"आई, थांब," मी म्हणाले. "आत्या, बाबा नंदीबैल नाहीत. बाबा अक्सोरियस आहेत."

हॉल शांत झाला. इंग्रजीचा हा एक फायदा आहे, समजलं नाही की माणसं थोडा वेळ मान देतात.

"काय बोलायली ही?" आत्या म्हणाली. "मराठीत सांग की."

"बायकोवर फार प्रेम करणारा माणूस."

"मग बाईलवेडाच की! मी वेगळं काय म्हणायले?"

"बाईलवेडा नव्हे," मी म्हटलं, पण मराठीत दुसरा शब्द मला सापडेना. आणि मग सगळा हॉल मदतीला धावला. आमच्या लोकांना काम सांगा, कुणी हलणार नाही. शब्द विचारा, जेवण सोडून येतील.

"ताटाखालचं मांजर!" मागून कुणीतरी म्हणालं.

"ताट कुणाचं?" मी विचारलं. "बायकोचंच ना? नको."

"बायकोच्या मुठीत," चुलतभाऊ म्हणाला.

"मूठ कुणाची?"

शेजारचे चाचा आदबीनं उभे राहिले. "बेटा, हमारे में जोरू का गुलाम बोलते."

"चाचा, गुलाम म्हटलं की मालकीण आलीच."

बाबांच्या ऑफिसातले तेलुगू काका म्हणाले, त्यांच्यात भार्याविधेयुडु म्हणतात, म्हणजे बायकोच्या आज्ञेतला. "मग आज्ञा कोण देतं?" मी विचारलं. ते विचारात पडले. त्यांच्या पत्नी पडल्या नाहीत, त्या जोरात हसल्या. माझा नवरा इतका वेळ मोबाइलमध्ये होता, तो मान वर करून म्हणाला, "स्त्रैण." मी म्हटलं, "तू गप्प बस. तुला काय अनुभव आहे त्याचा?" ह्यावर मात्र टाळ्या पडल्या.

एकेक शब्द परत करता करता मलाच एक गोष्ट दिसायला लागली, आणि शपथेवर सांगते, त्याआधी ती माझ्या डोक्यात कधी आली नव्हती. "बघा ना," मी म्हणाले. "बायकोनं नवऱ्यासाठी जीव टाकला की पतिव्रता. तिच्यासाठी चांगला शब्द आहे, व्रतं आहेत, वडाला फेऱ्या आहेत. नवऱ्यानं बायकोसाठी टाकला की एक चांगला शब्द नाही. आणि जे आहेत त्यातल्या बहुतेकांत तो बिचारा आणि ती बदमाश. हिनं मुठीत ठेवलं, हिनं बैल केला, हिनं धुवायला लावलं. बाबांना विचारलं कधी कुणी? बाबा, ती साडी धुवायला कुणी सांगितली होती?"

बाबा गोंधळून उभे राहिले. नारळ एका हातातून दुसऱ्या हातात घेतला. "कोण सांगणार?" ते म्हणाले. "ती तर तापात झोपली होती. उठल्यावर मलाच रागावली. नीळ उतरली होती म्हणे."

लोक पुन्हा हसले. आई हसली नाही. ती दारापाशी थांबली होती, ती दोन पावलं माघारी आली. "तुझ्या त्या शब्दात," तिनं मला विचारलं, "बायको काय करते?"

"काही नाही."

"मुठीत नाही ठेवत?"

"नाही."

"वश करायला काही खाऊबिऊ नाही घालत?" हे विचारताना तिचा आवाज एकदम बारीक झाला. म्हणजे असंही कुणी म्हटलं होतं तर.

"नाही गं आई. ते त्या माणसाचं त्यालाच होतं. बायको नुसती असते."

आई आत्याकडं वळली. मला वाटलं, आता होऊन जाऊ दे. पन्नास वर्षांचं सगळं काढ बाहेर, मी माइक देते. पण आईला भांडायची सवयच नाही.

"वन्सं," ती म्हणाली, "ऐकलंत ना? मी काही केलं नव्हतं हो."

तेवढंच. आणि मान वरच ठेवून ती आत्याकडं बघत राहिली.

मला आत्याच्या उत्तराची धास्ती होती. तिनं बाबांकडं पाहिलं. मग शेजारी पाहिलं. आतोबा पलीकडच्या माणसाला विचारत होते, खुबानीचं गोड आहे का फक्त जिलबीच आहे.

"एका आईच्या पोटचे आम्ही," आत्या म्हणाली. तिचा एवढा हळू आवाज मी कधी ऐकला नव्हता. "मग माझ्या वाट्याला का गं नाही आलं हे? मी पण तर नुसतीच होते."

आतोबांना काही ऐकू गेलं नव्हतं, ते जिलबीचीच चौकशी करत राहिले. मी माइक बंद करून खाली ठेवला.

आई तिच्याजवळ गेली, तिला खांद्याला धरून खाली बसवलं आणि स्वतः शेजारी बसली.

"वन्सं," ती म्हणाली, "त्यात तुमचाही काही दोष नव्हता."