इंद्रायणीबाईंचं पहिलं ताट

हसनाबादच्या इंद्रायणीबाईंनी गुरुवारी सकाळी, डोक्यावर शेणाची पाटी असताना, अंगणातूनच जाहीर केलं, "ऐतवारी मी पास्ता करणार. परत करणार. सायीतच करणार, लिंबू घालूनच करणार, आन पहिलं ताट मी खाणार. गरम गरम. कोणाला काय म्हणायचं ते आत्ताच म्हणा, ऐतवारी मला टाइम न्हाई."

डोक्यावर शेणाची पाटी असलेल्या बाईशी वाद घालू नये, एवढी समज त्या घराला होती.

यातलं 'परत' महत्त्वाचं. कारण बुधवारी पास्ता एकदा होऊन गेला होता, आणि तो कसा झाला हे गल्लीला तोंडपाठ होतं.

इंद्रायणीबाई चोपन्न वर्षांच्या. नवऱ्याचं नाव इंद्रभान. लग्न ठरलं तेव्हा दोन्हीकडच्या मंडळींनी 'नावं कशी जुळली बघा' म्हणून साखर वाटली, आणि बाकीचं जुळवायचं काम नवरा-बायकोवर सोडून दिलं. ते काम चौतीस वर्षं चालू आहे. घर मूळचं मेंढरांमागं फिरणाऱ्यांचं. पुढे मेंढरं गेली, जमीन आली, कपाशी आली, थोडी मोसंबी आली, दावणीला दोन म्हशी आल्या. पण दुधाचे कायदे जुनेच राहिले, आणि ते सांभाळायला गिरिजाबाई होत्या. गिरिजाबाई म्हणजे इंद्रभानची आई. वय ऐंशीच्या पुढं. नजर अधू झालेली, पण आतल्या खोलीत कोणी सायीला बोट लावलं तरी त्या ओसरीवरून ओळखायच्या.

पहिला कायदा असा, की दूध उतू गेलं तर जनावराची कास पोळते. दुसरा त्याहून कडक. दूध जाणूनबुजून नासवायचं नाही. ज्या घरात दुधात लिंबू पिळतात त्या घरची म्हैस आटते. दह्या-ताकाला हरकत नाही, कारण तिथं दूध आपल्या मर्जीनं लागतं. पनीर नावाचा पदार्थ त्या घराच्या उंबऱ्याबाहेरूनच परत जात असे.

तिसरा कायदा कोणी तोंडानं बोलत नसे. तो सायीचा होता. साय साठायची, विरजायची, तिचं लोणी व्हायचं, लोण्याचं तूप. तुपाचा पहिला डबा पुण्याला कंपनीत असलेल्या सुग्रीवला, म्हणजे मुलाला. मग इंद्रभानच्या भाकरीवर, मग गिरिजाबाईंच्या भातावर, मग आल्यागेल्या पाहुण्यांना. इंद्रायणीबाईंना बेरी. तूप कढवल्यावर तळाशी राहते ती तांबूस बेरी, तिच्यावर साखर टाकून चुलीपाशी खायची. "मला बेरीच आवडती," असं त्या वर्षानुवर्षं सांगत आल्या होत्या, आणि सगळ्यांनी ते सोयीनं खरं मानलं होतं.

दिवाळीनंतर त्या मुलीकडे, प्रांजलीकडे, आठ दिवस संभाजीनगरला राहिल्या. प्रांजली दवाखान्यात नर्स. एके दिवशी ड्यूटीवरून आली, कढईत काहीतरी पांढरं-हिरवं परतलं आणि पहिली बशी आईच्या हातात दिली.

"जावईबापूला येऊ दे की आधी."

"ते त्यांचं घेतील. तू खा. गार झालं की याचा गोळा होतो."

इंद्रायणीबाईंनी खाल्लं. पास्त्याच्या मऊ नळ्या, साय, लिंबू, लसूण, कोवळा पालक, वर मिऱ्याची भरड. जीभ पोळली. लग्न झाल्यापासून जीभ पोळेल इतकं गरम जेवण त्यांच्या ताटात कधी पडलंच नव्हतं. सगळ्यांचं होईस्तोवर तवा गार, भाजी गार, आणि बसायची जागा तेवढी गरम असायची. त्यांनी सावकाश, फुंकर न घालता बशी संपवली, आणि जावई आले तेव्हा त्या पदरानं तोंड पुसत बसलेल्या होत्या.

गावी आल्यावर महिना गेला. मग भोकरदनच्या बाजारात राधेश्यामच्या किराणा दुकानात उभ्या राहिल्या.

"पास्ता? नातवंडं आली का, काकी?"

"न्हाई. माझ्यासाठी."

राधेश्यामनं तराजूतून मान वर काढली. "मंग हा मसालेवाला घ्या ना. जल्दी होतो. बच्चे लोक बहुत खातात."

"मी तुला बच्चे लोक दिसून राह्यले का? बिनमसाल्याचा दे. नळ्यांचा."

बुधवारी त्या नळ्या आधणात पडल्या. इंद्रभाननं एक उचलून उजेडात धरली, आरपार पाहिलं. "ठिबकची पाइप कापून शिजवून राह्यली का काय?"

"तुमच्या ठिबकपेक्षा ह्यात काहीतरी येतं तरी. तुमची निम्मी चोकअप हाय."

इथवर सगळं बरं होतं. पण साय आदल्याच दिवशी विरजणात गेलेली. इंद्रायणीबाईंनी विचार केला, साय दुधावरच धरते, मग दूधच घेऊ. दूध खळाखळा उकळलं आणि त्यात त्यांनी अख्खं लिंबू पिळलं. जन्मभर दूध हाताळलेल्या बाईला पुढं काय होणार हे कळू नये, यावर शहरातला माणूस विश्वास ठेवणार नाही. पण कळणार कसं? माहेरीही हेच कायदे. उकळत्या दुधात लिंबू पडताना त्यांनी उभ्या जन्मात पाहिलंच नव्हतं.

दूध फुटलं. हिरवट पाण्यात गुठळ्या आणि गुठळ्यांत नळ्या. गिरिजाबाईंना वासावरून कळलं.

"नासवलं! इंद्रायणे, हातानं नासवलं माय तू दूध!"

तो ऐवज दारच्या शेळीपुढं ठेवला. काट्यांसकट बाभळीचा पाला खाणारी ती शेळी. तिनं वास घेतला आणि मान फिरवली.

आणि गुरुवारी पहाटे थोरल्या म्हशीनं दीड लिटर दूध कमी दिलं.

आता गिरिजाबाईंना काही बोलायची गरजच उरली नव्हती. त्या नुसत्या ओसरीवर बसून राहिल्या, निकाल आपल्या बाजूनं लागलेल्या माणसासारख्या. डेअरीसाठी दूध गोळा करणारा चुलतदीर मच्छिंद्र कॅन घेऊन आला आणि फाटकातूनच म्हणाला, "काय वैनी, म्हशीला लिंबू लावलं म्हणं?"

त्यावरच इंद्रायणीबाईंनी शेणाची पाटी उचलली आणि ऐतवाराची घोषणा केली. दुसरी कोणी असती तर त्या दिवशी नळ्यांचं उरलेलं पाकीट उकिरड्यावर गेलं असतं. त्यांनी ते देवळीत, सगळ्यांना दिसेल असं ठेवलं.

शेण टाकून आल्यावर त्या गव्हाणीपाशी गेल्या. हात घालून पाहिला. नुसता कडबा. कोपऱ्यातलं सरकी पेंडीचं पोतं झटकलं, त्यातून फक्त धूळ निघाली.

"अव्हो, पेंड कधी संपली?"

इंद्रभान दाढी करत होता. त्यानं आरशातून उत्तर दिलं, "सोमवारी आसन."

"आन आज?"

"गुरुवार."

"मंग ती लिंबावर आटली का तुमच्यावर?"

पेंड दुपारीच आली. शनिवारी दूध होतं तेवढं झालं. गिरिजाबाईंनी कॅनवर टिचकी मारून खात्री केली आणि म्हणाल्या, "पेंडीचं पेंडीपाशी, लिंबाचं लिंबापाशी. ऐतवारी पिळलं तर सोमवारी पाहा." कायदा मोडला नव्हता, नुसती तारीख पुढं ढकलली होती.

दरम्यान सायीवरून युद्ध पेटलं होतं. गुरुवारपासूनची साय इंद्रायणीबाई स्टीलच्या डब्यात घालून, फडक्यानं गाठ मारून फ्रीजमध्ये ठेवत होत्या. घरातलं तूप संपलं.

"भाकरीला तूप लावलं न्हाई," इंद्रभान म्हणाला.

"साय गुतली हाय."

"कशात गुतली?"

"माझ्यात."

शनिवारी प्रांजलीला फोन झाला. "अगं आई, लिंबू शेवटी! गॅस बंद करून."

"आधी सांगायचं न्हाई का?"

"तू विचारलं कधी? म्हणालीस, पाहिलंय मी, येतं मला."

फोन ठेवून इंद्रायणीबाई कपाळाला हात लावून बसल्या. पण मग त्यांच्या ध्यानात आलं की हे तर कढीचंच गणित आहे. ताक फुटू नये म्हणून आपण पीठ लावतो, आच मंद ठेवतो, हात थांबवत नाही. त्यांनी नळ्या शिजवलेल्या पाण्याचा विचार केला. पिठाचं पाणी ते, पेजच की. पेज कोणी फेकतं का?

रविवारी सकाळी त्यांनी बांधावरून कोवळी करडई खुडून आणली, वाफ्यातला पालक घेतला. लिंबू अंगणातल्या झाडाचं. खोबऱ्याच्या किसणीवर त्याची पिवळी साल तेवढी किसून घेतली, पांढरी लागली की कडू होतं हे लोणच्यामुळं ठाऊक होतं. बारा वाजता गॅस पेटला, तेव्हा इंद्रभान काही कारण नसताना घरात होता. मच्छिंद्र सकाळचं दूध नेऊन झाल्यावर रिकामा कॅन घेऊन पुन्हा आला होता. गिरिजाबाई स्वयंपाकघराच्या दाराशी पाठ करून बसल्या होत्या. पाहायचं नाही, पण चुकवायचंही नाही, अशी ती बैठक होती.

लोण्यावर लसूण पडला. पाला पडला, क्षणात बसला. घोटलेली साय पडली, मागून वाटीभर पेज, आणि कढईतलं सगळं हळूहळू एकजीव होऊन चमकायला लागलं. नळ्या गेल्या, मिरं गेलं. इंद्रायणीबाईंनी गॅस बंद केला आणि लिंबू हातात घेतलं.

"पिळलं का?" दारातून आवाज आला.

"पिळून राह्यले, आत्याबाई."

"फुटलं का?"

इंद्रभान पुढं वाकला. कढईत पांढरं, गुळगुळीत, हिरव्या ठिपक्यांचं काहीतरी शांतपणे वाफ सोडत होतं.

"न्हाई फुटलं, माय."

"थांब जरा. फुटन."

फुटलं नाही. इंद्रायणीबाईंनी पाहुण्यांचं काठाचं ताट काढलं, पोटभर वाढून घेतलं, आणि इंद्रभान रोज बसतो त्या पाटावर, घराच्या मधोमध, मांडी घालून बसल्या.

मच्छिंद्रला राहवलं नाही. "वैनी, भाऊचं ताट?"

"माझं झाल्यावर."

"आमचं गार होईन की मंग," इंद्रभान म्हणाला.

"होतं," इंद्रायणीबाई म्हणाल्या. "चौतीस वर्षं झालं, मला ठाऊक हाय."

आणि पहिला घास घेतला. जीभ पोळली. दुसरा घेतला. एक बाई जेवते आहे आणि दोन पुरुष उभे आहेत, हे दृश्य त्या घरानं पाहिलेलं नव्हतं, त्यामुळं हातांचं काय करायचं ते दोघांना सुचेना. मच्छिंद्रनं कॅनचं झाकण दोनदा लावून दोनदा काढलं.

"कसं लागतं?" गिरिजाबाईंनी भिंतीला विचारलं.

"आंबूस. मऊ. लई ब्येस. तुमी खाता का?"

"म्या न्हाई खाणार. दुधात लिंबू हाय."

"बरं."

गिरिजाबाई थांबल्या. आपल्याकडं 'न्हाई' म्हटल्यावर निदान दोनदा तरी आग्रह होतो, तेव्हा माणूस 'बरं, घासभर' म्हणतं. आग्रह आला नाही. ताटातून चमच्याचा आवाज येत राहिला. वाफेला लसणाचा आणि लिंबाच्या सालीचा वास होता, आणि नजर अधू असली तरी गिरिजाबाईंचं नाक शाबूत होतं.

"इंद्रभाना," त्या शेवटी म्हणाल्या, "नळ्या नको मला. भाजी-भाजी तेवढी काढून दे."

इंद्रायणीबाईंनी कढई ओढून दुसऱ्यांदा वाढून घेतलं. इंद्रभान ओट्यापाशी गेला, एक कप्पा उघडला, दुसरा उघडला, डाळींचे डबे हलवले.

"अगं, ताटल्या कुठं असतात?"

"शोधा," इंद्रायणीबाई म्हणाल्या, आणि पुढचा घास घेतला.